राज कृष्ण यांचे चार निकष घेऊन द्राक्षपट्ट्यातली बेरोजगारी मोजायची, तर प्रश्नावली कशी करावी?

शिवारफेरी

एम.ए.च्या लघुप्रबंधासाठी नाशिक जिल्ह्यातले दिंडोरी, निफाड आणि सुरगाणा हे तालुके घेतले आहेत. विषय ग्रामीण बेरोजगारी, आणि पाया म्हणून अर्थतज्ज्ञ राज कृष्ण यांचा भारतातल्या बेरोजगारीवरचा १९७३चा लेख. त्यातले चार निकष वाचताना पटतात: माणूस पुरेसा वेळ कामात नाही, कामातून पुरेसं मिळत नाही, आणखी काम करायची त्याची तयारी आहे, किंवा तो कामावरून उठला तरी उत्पादन घटणार नाही. पण प्रश्न लिहायला घेतले की चारही एकमेकांत मिसळतात.

दुसरी अडचण आकड्यांची. पीएलएफएस या केंद्र सरकारच्या श्रमबळ पाहणीच्या २०२३-२४च्या अहवालात देशाचा बेरोजगारी दर ३.२ टक्के आहे. दिवाळीनंतर सुरगाणा-पेठकडून बिऱ्हाड घेऊन द्राक्षबागांवर उतरणाऱ्या टोळ्यांना या ३.२ मध्ये कुठे शोधायचं? तुलना करता येईल असा दर काढायचा की वेगळंच काही मोजायचं? मार्गदर्शक म्हणतात शंभर कुटुंबं पुरे.

मोजपट्टी

चार निकषांचा मिळून एक ‘बेरोजगार’ ठरवायला जाल तर अडकाल. ते चार वेगवेगळे प्रश्न आहेत आणि त्यांची उत्तरं चार वेगवेगळ्या धोरणांकडे जातात. लेखातला सगळ्यात उपयोगी भाग तोच आहे, परीक्षेच्या नोट्समध्ये मात्र चार ओळींच्या व्याख्या उरतात.

आधी थोडी पार्श्वभूमी, कारण व्हायव्हाला हमखास विचारतात. बेरोजगारीच्या अंदाजांवरच्या दांतवाला समितीने १९७०च्या अहवालात सांगितलं की आपल्यासारख्या अर्थव्यवस्थेत बेरोजगारीचा एकच एक आकडा काढण्यात अर्थ नाही. प्रदेश, स्त्री-पुरुष, वय, शिक्षण, कामाचा प्रकार असं फोडून दाखवा. त्यानंतर १९७२-७३च्या एनएसएस (राष्ट्रीय नमुना पाहणी) फेरीपासून तीन मापं आली: नेहमीची स्थिती, चालू साप्ताहिक स्थिती आणि चालू दैनिक स्थिती. तीन मापांनी किती फरक पडतो ते २०११-१२च्या फेरीत बघा. देश तोच, माणसं तीच, आणि दर अनुक्रमे २.२, ३.७ आणि ५.६ टक्के. संदर्भकाळ जितका आखूड, तितकी रिकामी राहिलेली वेळ जास्त दिसते.

आता तुमचे टोळीवाले ३.२ मध्ये का सापडत नाहीत ते. नेहमीच्या स्थितीत मागचे ३६५ दिवस बघतात. वर्षातला बहुतेक काळ माणूस श्रमबाजारात होता का, आणि होता तर त्यातला जास्त काळ कामात की कामाच्या शोधात, यावर मुख्य स्थिती ठरते. त्यात दुय्यम स्थिती मिळवली की वर्षात ३० दिवस जरी काम केलेलं असेल तरी तो ‘कामात’. साप्ताहिक स्थितीत आठवड्यातल्या एखाद्या दिवशी तासभर काम पुरतं. ज्याला रिकामं बसणं परवडत नाही असा माणूस या दोन्ही मापांत बेरोजगार ठरणं जवळपास अशक्य. ३.२ हा आकडा खोटा नाही, तो तुमच्या प्रश्नाचं उत्तर देत नाही एवढंच.

निकषांचं म्हणाल तर वेळ आणि इच्छा ही जोडी एकत्र धरा. आठवड्याला २८ तासांपर्यंत काम आणि आणखी कामाची तयारी असेल तर तीव्र अर्धबेरोजगार. २८ ते ४२ तास आणि तयारी असेल तर मध्यम. राज कृष्ण यांची मांडणी याच पट्ट्यांवर आहे, आणि प्रबंधाचा मुख्य तक्ता यावरच उभा करा. इच्छेचा प्रश्न ‘जास्त काम हवंय का?’ असा विचारू नका, सगळे हो म्हणतात. कुठे, किती मजुरीवर आणि कोणत्या महिन्यात, हे तीन तुकडे करून विचारा. घराजवळ पाच तास काम हवं असलेली बाई आणि निफाडला जाऊन तीन महिने राहायला तयार असलेला तरुण एका रकान्यात टाकले की रकाना निकामी होतो.

उत्पन्नाचा निकष वेगळ्या तक्त्यात. दांडेकर आणि रथ यांनी १९७१च्या दारिद्र्यावरच्या अभ्यासात अपुऱ्या रोजगाराची खूण हीच मानली होती की त्यातून किमान जगणं भागत नाही. विचार रास्त आहे, पण दिवसाला अकरा तास राबून पोट न भरणारा माणूस त्यामुळे ‘बेरोजगार’ होतो. त्याला आणखी काम नको आहे, दर वाढवून हवा आहे. हे दोन गट एकमेकांवर किती पडतात, एवढं दाखवलंत तरी प्रबंधात दम येईल.

उत्पादकतेचा निकष प्रश्नावलीत घालूच नका. ‘तुम्ही गेलात तर बागेचं उत्पादन कमी होईल का?’ याचं खरं उत्तर कोण देणार? १९१८च्या इन्फ्लुएंझाच्या साथीनंतर पेरा घटला, म्हणजे शेतीत फुकट बसलेले हात नव्हतेच, असं अर्थतज्ज्ञ शुल्ट्झ यांनी मांडलं. अमर्त्य सेन यांनी १९६७ मध्ये ते खोडायचा प्रयत्न केला. एवढ्या मोठ्या घटनेवरूनही एकमत झालं नाही, तिथे शंभर कुटुंबांत काय सापडणार. साहित्याच्या आढाव्यात दोन परिच्छेद द्या आणि पुढे चला.

गोदाकाठ

वरच्या उत्तराशी सहमत. मी प्रत्यक्ष फॉर्मचं सांगतो.

एका माणसाला एक पान. सात दिवसांच्या सात ओळी, प्रत्येक दिवसाचे दोन अर्धे, म्हणजे एकूण १४ घरं. कालपासून सुरू करून मागे जायचं. पुढून मागे आलं की लोकांना आठवतं, उलट केलं की आठवड्याचा बाजार सोडून बाकी दिवस सरमिसळ होतात. नियम एनएसएसच्या दैनिक स्थितीचाच ठेवा: चार तास किंवा जास्त काम असेल तर पूर्ण दिवस कामाचा, एक ते चार तासांच्या आत असेल तर अर्धा, आणि उरलेल्या अर्ध्यासाठी वेगळं विचारायचं की काम मिळालं असतं तर गेला असता का.

समजा थिनिंग (घडातल्या मण्यांची विरळणी) चालू असताना एका मजूर बाईचा आठवडा असा आहे: सोमवार-मंगळवार आठ-आठ तास. बुधवारी पाऊस आला म्हणून तीन तासांत सुट्टी, आणखी करायची तयारी होती. गुरुवारी टोळीला बाग मिळाली नाही. शुक्रवारी ताप. शनिवारी पाच तास. रविवारी घरच्या शेळ्यांमागे दोन तास, बाहेर कामाला जायचं नव्हतं. आता घरं मोजा: कामाची २+२+१+२+१, म्हणजे ८. बेरोजगारीची बुधवारचं १ आणि गुरुवारची २, म्हणजे ३. श्रमबाजाराबाहेरची शुक्रवारची २ आणि रविवारचं १, म्हणजे ३. बेरीज १४ आली तर फॉर्म बरोबर, नाही आली तर त्याच ओट्यावर बसून परत विचारा. घरी आल्यावर ती बेरीज जुळवता येत नाही. दैनिक दर ११ पैकी ३, म्हणजे २७.३ टक्के. साप्ताहिक मापात मात्र हीच बाई निव्वळ ‘कामात’.

शुक्रवारच्या तापाबद्दल नवशिक्यांचा हमखास घोळ होतो. पगारी नोकरदार आजारी पडला तर तो कामातच धरतात, कारण नोकरी शाबूत आहे. रोजंदारीवाला आजारी पडला तर एनएसएसच्या यादीत त्याची सांकेतिक संख्या ९८, आणि तो त्या दिवसापुरता श्रमबाजाराबाहेर. हे पटो न पटो, तुलना करायची असेल तर तसंच ठेवावं लागेल.

बायकांच्या बाबतीत ‘तुम्ही काम करता का?’ हा प्रश्न फॉर्ममधून काढून टाका. उत्तर येतं, ‘नाही, घरीच असते.’ मग सकाळपासून काय काय केलं ते क्रमाने विचारलं की कळतं, घरच्याच दीड एकर बागेत चार तास फेलफूट (वेलीची नको असलेली फूट) काढलीय. पहिल्या उत्तरावर तिची सांकेतिक संख्या ९२, म्हणजे फक्त घरकाम. दुसऱ्यावर २१, म्हणजे घरच्या धंद्यात बिनपगारी मदतनीस. एका प्रश्नाच्या फरकाने ती श्रमबाजारात आत किंवा बाहेर. ग्रामीण स्त्रियांचा सहभाग दर पीएलएफएसमध्ये २०१७-१८ला २४.६ टक्के होता, २०२३-२४ला ४७.६. त्यात नवं काम किती, आधीपासून चाललेलं काम नीट नोंदलं गेलं ते किती आणि नाइलाजाने शेतीत परतणं किती, यावर अभ्यासकांत वाद आहे. तुमच्या फॉर्ममध्ये २१ आणि ११ (स्वतःचा धंदा करणारे) वेगळे ठेवा, बेरीज कधीही करता येते.

हंगाम चुकला की सगळं चुकतं. एकच फेरी कराल तर निदान महिना प्रबंधाच्या नावात लिहा. सप्टेंबर-ऑक्टोबरच्या गोडी (फळांसाठीच्या) छाटणीपासून पुढे डिपिंग (घड द्रावणात बुडवणं), थिनिंग आणि मग फेब्रुवारी-मार्चची काढणी, या काळात निफाड-दिंडोरीत माणूस मिळत नाही. एप्रिलच्या खरड छाटणीनंतर काम ओसरत जातं. सुरगाण्यात उलटं: जुलै-ऑगस्टला भाताच्या आवणीत (लावणीत) सगळे घरी, दिवाळीनंतर गाव ओस. डिसेंबरात सुरगाण्यात घरयादी केलीत तर कुलपं मोजाल, आणि जे भेटतील ते न गेलेले, म्हणजे म्हातारे, नोकरीवाले, बरी जमीन असलेले. त्याच वेळी दिंडोरीत मतदार यादीवरून घरं निवडलीत तर बागेत पाल ठोकून राहणारी टोळी यादीतच नाही. एकच कुटुंब दोन्ही तालुक्यांत निसटतं. उपाय: आवणीच्या काळात सुरगाण्यात यादी करा, कुटुंबाचा फोन नंबर आणि मुकादमाचं गाव लिहून घ्या, दुसरी फेरी बागेवर जाऊन त्याच कुटुंबाची करा. निम्मी सापडली तरी चालतील, पण किती सापडली नाहीत तो आकडा छापा.

सातपूर_शिफ्ट

सगळी चर्चा मजुरांच्या बाजूने चालली आहे. बागायतदाराला विचारा, तो म्हणेल माणसं मिळत नाहीत. सातपूर-अंबडच्या औद्योगिक वसाहतीत गेटवर सीएनसी ऑपरेटर, फिटर पाहिजेच्या पाट्या वर्षभर असतात. काम रिकामं आणि माणूसही रिकामा, हे एकाच वेळी कसं, याचं उत्तर राज कृष्ण यांच्या चौकटीत नाही. त्यासाठी डायमंड, मॉर्टेन्सन आणि पिसारिडेस वाचा. २०१०चं अर्थशास्त्राचं नोबेल त्यांना याच कामासाठी मिळालं. त्यांचं म्हणणं थोडक्यात असं: माणूस आणि काम यांची गाठ पडायला वेळ आणि पैसा लागतो, म्हणून रिकाम्या जागा आणि बेरोजगार एकत्र नांदतात. बघायचं ते गुणोत्तर: एका बेरोजगारामागे रिकाम्या जागा किती.

तुमच्या प्रबंधात हे घ्यायचं तर रिकाम्या जागा मोजाव्या लागतील आणि तिथेच गंमत आहे. रोजगार नोंदणीचे आकडे वापरू नका. नोंदवलेल्यांपैकी कित्येक कामाला लागलेले असतात आणि खरे रिकामे कित्येक नोंदवतच नाहीत. गेटवरच्या पाट्या मोजाल तर एकच जागा तीन ठेकेदार लावतात, म्हणून कंपनी, खातं आणि शिफ्ट जुळवून दुबार नोंदी काढा. शिवाय पाटी कायमची असेल तर ती बहुधा रिकामी जागा नसतेच, त्या पगारावर कोणी टिकत नसतं. पाटीवरचा पगार हातात येणारा आहे की कपातीआधीचा, शिफ्ट आठ तासांची की बाराची, हे विचारल्याशिवाय कशाचीही तुलना करू नका.

शिकलेल्या मुलांसाठी दोन प्रश्न वेगळे ठेवा: गेल्या सात दिवसांत कुठे अर्ज, चौकशी, मुलाखत केली का, आणि नसेल केली तरी काम मिळालं तर जाल का. पहिल्याला हो तर सांकेतिक संख्या ८१, फक्त दुसऱ्याला हो तर ८२. अभ्यासिकेत बसून भरतीची वाट पाहणारे बरेचसे दुसऱ्यात सापडतात. आणि ‘किमान किती पगारावर जाल’ हे रुपयांत लिहून घ्या. १५ ते २९ वयोगटाचा दर २०२३-२४ला १०.२ टक्के होता, एकूण दराच्या तिपटीहून जास्त. शेतमजुराची आणि या मुलांची बेरोजगारी एका सरासरीत घातली की दोन्ही दिसेनाशा होतात.

मोजपट्टी

@सातपूर_शिफ्ट मुद्दा कारखान्यासाठी मान्य, थिनिंगच्या हंगामासाठी नाही. तिथे गाठ घालून द्यायला मुकादम आहे, आणि उचल दिली की पुढच्या हंगामाचा मजूर आधीच बांधलेला. शोधाचा खर्च जवळपास शून्य, निवडही तितकीच. बागायतदार ‘माणसं मिळत नाहीत’ म्हणतो तेव्हा ‘या दराला, या आठ दिवसांत’ हे शब्द गाळलेले असतात. रिकाम्या जागांचं मोजमाप सुरगाण्याच्या प्रबंधात घुसवू नका, तो दुसरा विषय होईल.

शिवारफेरी

१४ घरांचा फॉर्म लगेच घेतो. दोन गोष्टी राहिल्या. टोळी उक्तं घेते, तर उत्पन्नाच्या निकषासाठी रोज कसा काढायचा? आणि शंभर कुटुंबांचं काय करू? पीएलएफएसमधून थेट नाशिक जिल्ह्याचा दर काढता येणार नाही का?

गोदाकाठ

उक्त्याचं असं करा. समजा एक तुकडा ९,००० रुपयांना घेतला, दहा माणसं, दोन दिवस. माणशी रोज ४५० दिसतो. आता तास विचारा. दिवस अकरा तासांचा निघाला तर तासाला ४०.९, आणि आठ तासांच्या दिवसाला ३२७ रुपये. किमान वेतनाशी तुलना या ३२७ची करायची, ४५०ची नाही. मुकादमाचा वाटा आधी वजा करा. उचल वजा करू नका, ती आधीच हातात आलेली मजुरी आहे. ती कापून लिहिलीत तर मार्च महिन्यात सगळी टोळी फुकट राबताना दिसेल. नवरा-बायकोची जोडी एक हजेरी धरून पैसे दिले असतील तर तसं लिहा आणि दोघांत निम्मं वाटा, पूर्ण रक्कम नवऱ्याच्या नावावर टाकू नका. किमान वेतनाचा दर मुलाखतीच्या महिन्याचा, शेतीसाठी अधिसूचित झालेला घ्या. विशेष भत्त्यामुळे तो वर्षात बदलतो, दोन फेऱ्यांना एकच दर लावणं चूक.

आकडेमोड

सॅम्पलचं गणित सरळ आहे. खरा दर १० टक्क्यांच्या आसपास आहे असं धरून ३ टक्क्यांच्या आत-बाहेर अंदाज हवा असेल तर १.९६चा वर्ग गुणिले ०.१० गुणिले ०.९० भागिले ०.०३चा वर्ग, म्हणजे ३८४ माणसं. ही माणसं श्रमबाजारातली, कुटुंबं नव्हेत. पण एका गावातली माणसं एकसारखी असतात. त्याच पावसात सगळ्यांचा बुधवार बुडतो. म्हणून दीडपट करा, ५७६. कुटुंबामागे श्रमबाजारातली अडीच माणसं धरली तर २३० कुटुंबं. तुमच्या शंभर कुटुंबांत अडीचशे माणसं, दीडने भागल्यावर गणितापुरती १६७. चूक ४.६ टक्के वर-खाली. म्हणजे १० टक्के दर निघाला तर तो साडेपाच ते साडेचौदा कुठेही असू शकतो, आणि तालुक्यानुसार फोडलात तर तुलनाच उरत नाही.

शंभरच जमणार असतील तर दोन तालुके करा, सुरगाणा आणि दिंडोरी, आणि एका गावात वीस घरं घेण्याऐवजी दहा गावांत दहा-दहा. प्रवास वाढतो, पण त्याच शंभर घरांतून जास्त माहिती मिळते. त्याच कुटुंबांच्या दोन फेऱ्या केल्यात तर हंगामातला फरक दराच्या मानाने बराच नेमका मोजता येतो, कारण माणूस तोच असतो. प्रबंधाचा निष्कर्ष त्या फरकावर ठेवा.

पीएलएफएसमधून जिल्हा: २०२४पर्यंतच्या माहितीत नाही. जिल्ह्याचा कोड फाइलमध्ये दिसतो म्हणून लोक दर काढतात, पण नमुन्याची रचना जिल्ह्यासाठी नव्हती आणि मोजकी गावं वाट्याला येतात. फार तर नाशिक, धुळे, जळगाव, नंदुरबार असा अंतर्गत उत्तर विभाग घ्या, आणि तीन-चार वर्षं एकत्र करा. जानेवारी २०२५पासून रचना बदलली, नमुना वाढला आणि जिल्हा हा मूळ स्तर झाला, पण त्याचबरोबर आता दरमहा आकडे येतात ते साप्ताहिक स्थितीचे. एप्रिल २०२५च्या पहिल्या मासिक पत्रकातला ५.१ टक्के आणि वार्षिक अहवालातला ३.२ शेजारी ठेवून बेरोजगारी वाढली असं लिहू नका. पहिला साप्ताहिक, दुसरा नेहमीच्या स्थितीचा. २०२३-२४चा साप्ताहिक दर ४.९ होता, आणि तो वार्षिक. एका महिन्याच्या आकड्यात त्या महिन्याचा हंगामही मिसळलेला असतो, हे तुमच्या विषयात वेगळं सांगायला नको.

मूळ फाइल उघडलीत तर दोन ठिकाणी ठेच लागते. एक, २०२४पर्यंतच्या माहितीत शहरी कुटुंबांना पुन्हा भेटी असत. वार्षिक दरासाठी फक्त पहिल्या भेटीची फाइल घ्यायची. दोन, भार म्हणून दिलेला मल्टिप्लायर तसाच वापरायचा नसतो. उपनमुन्यानुसार तो १०० किंवा २०० ने भागायचा, वर तिमाह्यांच्या संख्येनेही. सूत्र सोबतच्या रीडमीत आहे. ते बरोबर लागलं का हे तपासायला आधी महाराष्ट्राचा छापलेला दर काढून बघा. दशांशापर्यंत जुळला तरच पुढे विभागाकडे वळा.